आवाज नंतर भरू

तुल्लियो टीव्हीत रडत होता आणि मांडीवर गप्प होता.

नीवेसच्या हातातला चमचा हवेतच थांबला. भाजीच्या पाण्यात शिजवलेली पास्तीना, तिळाएवढाल्या चांदण्या, चमच्यात गार होत चालली. तुल्लियो आ करून वाट बघत राहिला, कारण टीव्ही लावला की त्याचं तोंड आपोआप उघडतं हे तिने अलीकडेच शोधून काढलं होतं आणि त्याची तिला जराशी लाजही वाटत असे. आवाज अगदी बारीक ठेवलेला. दुपारी या वाहिनीवर जुने सिनेमे लागत, त्यातलाच एक, काळापांढरा, किल्ल्यातला दिवाणखाना, भिंतीवर मेणबत्त्यांच्या सावल्या, लेसचा पडदा सोडलेला पाळणा. आणि पाळण्यात तुल्लियो. हनुवटीखाली तीच दुमड, उजव्या कानाचा तोच बाहेर वळलेला शेंडा, रडण्याआधी खालचा ओठ पुढे काढून क्षणभर थांबायची तीच रीत. तिने मांडीवरच्या पोराचं पाऊल घट्ट धरलं. पाऊल गरम होतं, मोजा निघालेला होता. म्हणजे हा इथे आहे. मग तिथे कोण आहे? एवढ्यात पाळण्यातल्या बाळाने पाय झाडले, पांघरूण सरकलं आणि क्रोशाचे चौकोन दिसले, एक गडद एक फिका, कोपऱ्यातला एक चुकून उलटा विणलेला. ते पांघरूण तिच्याच कपाटात वरच्या फळीवर कापराच्या गोळ्यांत पडून होतं. ते मुळात तिच्यासाठीच विणलेलं होतं.

‘मी आहे ती,’ असं ती म्हणाली, आणि तुल्लियोने तिच्याकडे पाहिलं, कारण घरात दुसरं कोणीच नव्हतं. बाळ रडत होतं. डोळे मात्र कॅमेऱ्याकडे नव्हते. कॅमेऱ्याच्या जरा डावीकडे, जरा वर, कशावर तरी खिळले होते. तिथे काय होतं? सिनेमाने लगेच सांगून टाकलं: पुढच्याच शॉटमध्ये पांढऱ्या झग्यातली एक मेलेली बाई जिन्यावरून उतरत आली. बाळाने भूत पाहिलं होतं. नीवेसने टीव्हीचा आवाज वाढवला, आपलं रडणं ऐकावं म्हणून. आणि ते तिचं नव्हतंच. ते रडणं तिला चांगलं ओळखीचं होतं. ते सिन्योरा झोराइदेचं होतं.

त्या काळी सगळे सिनेमे मुकेच घेत आणि आवाज मागाहून भरत. सेटवर एक जर्मन, एक स्पॅनिश, एक आपला इटालियन, ज्याला जी भाषा येईल ती तो बोलणार, आणि ज्याला संवाद पाठ नाहीत तो नुसते आकडे म्हणणार, ओठ हलल्याशी कारण. नीवेस सहा-सात वर्षांची असेल, पप्पा दिग्दर्शक होते, त्यांनी तिला एकदा डबिंगच्या अंधाऱ्या खोलीत नेऊन बसवलं होतं. पडद्यावर एक पाळणा पुन्हा पुन्हा तोच येत होता, आणि माइकसमोर सिन्योरा झोराइदे, एक जाडजूड बाई, गळ्यात साखळीला अडकवलेला चष्मा, तोंडावर लहानशी उशी दाबून बाळासारखी रडत होती. इतकं खरं की नीवेसने पप्पांची बाही धरली. मग दिवा लागला. बाईंनी उशी खाली ठेवली, पर्समधून पेपरमिंट काढून गालात धरलं आणि पप्पांना म्हणाल्या, ‘एवारिस्तो, आज दात येतायत असं रडू की पोट दुखतंय असं?’ अर्ध्या रोमची बाळं त्या बाईच्या घशातून रडलेली होती. नीवेसने घरी जाताना विचारलं होतं, पप्पा, तिला कुणी मारलं? आणि पप्पा हसले होते. ‘तिला कोण मारणार? ती मारेल.’ आता, इतक्या वर्षांनी, ओट्याशी बशी धुताना नीवेसला वाटलं, आवाज खोटा होता, ठीक आहे. तोंड तर माझंच होतं ना? ते तर उघडलं होतं. ते कशासाठी उघडलं होतं?

हा प्रश्न एरवी तिने पुसून टाकला असता, ओटा पुसावा तसा. पण गुरुवारी शूटिंग होतं.

रविवारी पप्पा जेवायला आले होते, बोटाला नेहमीसारखा रिबिनीने बांधलेला पेस्ट्रीचा खोका लटकवून. कोट काढायच्या आधीच म्हणाले, ‘मला काम मिळालंय.’ किती वर्षांनी. टीव्हीसाठी तासाभराची गोष्ट, जुना बंगला, एक आई घर सोडून जाते. इव्हानो, तिचा नवरा, म्हणाला, ‘अभिनंदन. तुम्ही शेवटचा सिनेमा केलात तेव्हा मी अजून मुंज्यासारखा मोटारसायकलवर फिरत होतो.’ ‘आणि आता?’ ‘आता ढकलगाडी.’ पप्पा हसले, मग तुल्लियोकडे बघून त्यांनी दोन्ही हातांच्या बोटांची चौकट केली, एक डोळा मिटला, आणि तसेच चौकटीतून म्हणाले, ‘पाळण्यात मला हा पाहिजे.’ नीवेसने तुल्लियोचं लाळेरं सरळ केलं. ती म्हणाली, ‘एजन्सीकडे बाळं मिळतात ना, पप्पा.’ ‘मिळतात. भाड्याची. तोंडावर काही लिहिलेलं नसतं त्यांच्या.’ ‘आणि याच्या तोंडावर काय लिहिलंय?’ ‘रिकोत्ता,’ इव्हानो त्याच्या गालावरचं चीज पुसत म्हणाला आणि सगळे हसले, आणि त्या हसण्यात तिने हो म्हणून टाकलं. पप्पांनी तिच्या कपाळाची पापी घेतली होती.   हा सिनेमा पुरा झाला तर झाला, नाही तर त्यांना कुणी पुन्हा बोलावणार नाही, हे त्या टेबलावर सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी बोललं नव्हतं.

आता तिला आठवत होतं ते असं. सेटवरच्या माणसांच्या गप्पा, तिच्या लहानपणी घरी चालायच्या त्या, वाइनच्या बाटल्यांभोवती. रडणारं मूल हवं असलं की अमका पांघरुणाखालून चिमटा काढायचा. तमका कांदा घेऊन यायचा. एकाने म्हणे तान्ह्याच्या तोंडात लिंबू पिळलं होतं, आणि सगळे खो खो हसले होते, आणि पप्पाही हसले होते. पप्पा हसले होते की नुसते हसल्यासारखे दिसले होते? तिला टेबल दिसत होतं, धूर दिसत होता, पप्पांचं उघडं तोंड दिसत होतं. आवाज येत नव्हता. संध्याकाळी तुल्लियोला टबात घालताना तिने त्याच्या मांड्या पाहिल्या, गुबगुबीत, वळ्यावळ्यांच्या, कुठे डाग नाही. मग स्वतःची मांडी पाहिली. आतल्या बाजूला भाताच्या शिताएवढा पांढरा व्रण होता. तो लस टोचल्याचा आहे असं आई सांगायची. मांडीला टोचतात लस? टोचतातही. तिने टॉवेल ओढून घेतला. तुल्लियोच्या कपाळावर हात ठेवून पाहिला, कोमट, मग स्वतःच्या कपाळावर ठेवला, आणि दोन्ही सारखीच लागली तेव्हा दोघांनाही ताप आहे की दोघांनाही नाही हे तिला ठरवता येईना.

पप्पा म्हणजे कोण, हा घोळ तिच्या लहानपणापासूनचाच होता. एवारिस्तो कालांद्री हे नाव घराच्या दारावर होतं, पडद्यावर क्वचितच. हर्क्युलिसचे सिनेमे चालायचे तेव्हा ते हर्क्युलिस करत. तेलाने चोपडलेले पैलवान पुठ्ठ्याचे खांब पाडत. मग लोकांना काउबॉय हवेसे झाले तेव्हा ते फ्रँक काल्डर झाले, आणि स्पेनच्या माळावर अमेरिका उभी करून आले. भुतांच्या सिनेमांना ते आर्थर लार्क होत. विनोदी सिनेमे, पोलिसांचे, मठातल्या बायकांचे, रुमाल भिजवणारे. वारा येईल तशी पाठ. लोक म्हणत, कालांद्रीला काय येत नाही? आणि त्याच तोंडाने म्हणत, कालांद्रीचं असं काय आहे? घरी येणारा माणूसही तसाच बदलून येई. काउबॉयच्या दिवसांत दाढी वाढलेली, बोलणं तुटक, जेवताना पाठ भिंतीला. विनोदी सिनेमा असला की सुपाचा चमचा कानात घालून दाखवणार. रडका सिनेमा असला की नीवेसला मांडीवर घेऊन उगाच म्हणणार, ‘माझी पोर ती.’ ती वाट बघायची, रडका सिनेमा कधी लागतो याची. मग तो लागला की घाबरायची, कारण तो संपणार हे तिला माहीत असायचं. शाळेत बाईंनी वडील काय करतात विचारलं तेव्हा ती म्हणाली होती, कोणता महिना चालू आहे?

बुधवारी सकाळी भाजी चिरता चिरता तिला आणखी एक आठवलं आणि सुरी बाजूला ठेवून ती स्टुलावर बसली. तो पाळणा तिने आधी पाहिला होता. आणि तोही एकदाच नाही. पप्पा काटकसरी होते, एकदा घेतलेला शॉट वाया जाऊ देत नसत. जो समुद्रातला जहाजाचा वादळी प्रवास हर्क्युलिसने केला तोच पुढे चाच्यांनी केला. तसा तो पाळणाही फिरला होता. एका विनोदी सिनेमात, तो तिने मैत्रिणींबरोबर थिएटरात पाहिला होता, बाळ अगदी असंच रडतं आणि पुढच्या शॉटमध्ये बोकडासारखी दाढी असलेला मामा वाकून बघतो, आणि सगळं थिएटर हसतं. तीही हसली होती, आइसक्रीम खात. आणि एका रडक्या सिनेमात, तो बहुतेक घरीच, आईच्या कुशीत, बाळ अगदी असंच रडतं आणि पुढच्या शॉटमध्ये रिकामं दार. आई उठून स्वयंपाकघरात गेली होती. का गेली होती? दूध उतू जात होतं का? तर भूत, मामा आणि दार. एकच तोंड, एकच उघडणं. ज्याने जे पुढे जोडलं ते त्या बाळाने पाहिलं. आणि खरंच काय पाहिलं ते जोडलेलंच नव्हतं कुठे.

तिने आंकोनाला फोन लावला. आई, दिर्चे, तिथे मावशीच्या घरी राहते. पप्पांपासून वेगळी झाली त्याला आता पुष्कळ दिवस झाले.

‘जेवला का तो?’ आईने पहिलं हेच विचारलं. 

‘जेवला. पप्पांना उद्याच्या शूटिंगला तो हवाय, एका जुन्या बंगल्यात. मम्मा, माझा तो पाळण्याचा शॉट घेतला तेव्हा पप्पांनी मला रडवलं कसं?’

‘कुठला पाळणा?’

‘भुताच्या सिनेमातला. क्रोशाचं पांघरूण.’

पलीकडे मावशीचा रेडिओ चालू होता. मग तो बंद झाला.

‘तुझ्या बापाला विचार. सिनेमे त्याचे, पाळणे त्याचे.’

‘तू असशील ना तिथे. आठ महिन्यांची पोर काय मी टॅक्सी करून गेले स्टुडिओत?’

‘मी नव्हते तिथे.’

‘मग कोण होतं?’

‘नीवे, मी नव्हते. सांगितलं ना.’ आणि जरा थांबून, ‘तू त्याला हो म्हणालीस का?’

‘हो.’

‘तुम्ही सगळे त्याला हो म्हणता. मीही म्हणायचे. माणूस इतक्या गोडीने मागतो की आपण काय दिलं ते दोन दिवसांनी कळतं.’ मग एकदम दुसऱ्याच आवाजात, ‘कानात कापूस घाल त्याच्या, त्या बंगल्यांतून वारा फार.’

फोन ठेवल्यावर नीवेस बराच वेळ वायर बोटाला गुंडाळत उभी होती. मी नव्हते तिथे. म्हणजे तिला एकटीला दिलं होतं? त्या धुरातल्या, हसणाऱ्या माणसांत? तिला राग आला, पण कुणाचा ते कळेना. आधी आईचा आला, मग तो सरकत सरकत पप्पांवर गेला, आणि तिथेही टिकला नाही. तुल्लियोने रांगत येऊन तिच्या चपलेचा पट्टा तोंडात घातला तेव्हा तो त्याच्यावर निघाला. ‘घाण!’ ती इतक्या जोराने ओरडली की त्याचा खालचा ओठ पुढे आला, क्षणभर थांबला. ती बघत राहिली. तिने त्याला लगेच उचललं नाही. तो कुठे बघतोय ते तिला बघायचं होतं. तो तिच्याकडेच बघत होता. मग तिने त्याला उचलून इतकं आवळलं की तो त्यानेच रडला.

दुपारी पप्पा स्वतःच आले, पांघरूण मागायला. ‘ते चौकोनांचं. आहे ना तुझ्याकडे?’ खालच्या बारमध्ये कॉफी पिऊन आलेले, मिशीला साखर. त्यांनी वाकून तुल्लियोच्या नाकावर आपलं नाक घासलं आणि तुल्लियो खिदळला. तो त्यांच्याकडे नेहमीच खिदळायचा. नीवेसने पांघरूण काढलं, कापराचा वास झटकला, आणि हातात धरूनच ठेवलं.

‘पप्पा, तुम्ही त्याला रडवणार कसे?’

‘रडेल तो. रडणं त्याचा धंदा आहे.’

‘नाही रडला तर?’

‘तर आवाज नंतर भरू.’ मग कपाळावर हात मारून, ‘छे! आता तसं नाही म्हणतात. आता जागच्या जागी आवाज घ्यायचा. सेटवर चर्चमध्ये गेल्यासारखं गप्प बसायचं. मी! तुला आठवतंय मी कसा ओरडायचो? शॉट चालू असताना डावीकडे बघ गाढवा, रड, अजून रड, आता मर! कॅमेरा बहिरा होता, बिचारा.’

‘मला काय म्हणाला होतात?’

‘कधी?’

‘त्या पाळण्यात. मी कुठेतरी बघत होते. डावीकडे, जरा वर. तिथे काय होतं?’

पप्पांनी तिच्याकडे पाहिलं. मग सवयीने बोटांची चौकट करायला हात उचलले आणि अर्ध्यावरच सोडून दिले.

‘कोणत्या सिनेमात?’

‘सिनेमात नाही. खरंच.’

‘पोरी, बाळ कुठे बघतं ते पुढचा शॉट ठरवतो. तू भूत बघत होतीस. त्याच्या आदल्या वर्षी—नाही, नंतरच्या वर्षी—तू मामाला बघत होतीस. मी इतके सिनेमे केले, मला वाटतं मी नुसतं एकाच्या पुढे दुसरं लावलं. मध्ये काय होतं ते…’ ते थांबले. ते लपवत होते की त्यांना खरंच आठवत नव्हतं? लपवणारा माणूस खिशात हात घालतो. त्यांनी खिशात हात घातला होता, पण तो रुमालासाठी. त्यांनी मिशी पुसली. ‘मी त्याला हातही लावणार नाही, नीवे. तुला हेच विचारायचंय ना?’

तिने पांघरूण देऊन टाकलं. आणि ते जिना उतरून गेल्यावर तिला वाटलं, आपण पुन्हा एकदा हो म्हणालो.

गुरुवारी सकाळी तुल्लियोच्या कानात कापूस घालून ती निघाली. बंगला रोमबाहेर, फ्रास्कातीच्या वाटेवर, द्राक्षांच्या मळ्यांवर. आत मेण, धूळ आणि गरम झालेल्या दिव्यांचा वास. त्या वासाशी ती उंबऱ्यातच थांबली. तिला तो आठवत होता असं नाही. तो वास आपला आहे असं वाटलं, एवढंच. आवाजाचं यंत्र मारियानो नावाचा टकला माणूस सांभाळत होता, डोक्यावर हेडफोन, चेहऱ्यावर दाताच्या डॉक्टरकडची काळजी. ‘सिन्योरा, तेवढं तुमच्या वडिलांना सांगा,’ तो हळूच म्हणाला. ‘सकाळपासून प्रत्येक शॉटमध्ये तेच बोलतायत. नट कमी, ते जास्त.’ ‘ऐकतो मी!’ पप्पा पलीकडून ओरडले. ‘म्हातारा आहे, बहिरा नाही. बहिरा कॅमेरा होता!’ ते आज कोणते पप्पा होते ते तिला ओळखता येईना. दाढी केलेली होती. विनोद करत होते. आणि मधूनच गप्प होऊन पाळण्याकडे बघत उभे राहत होते.

पाळणा भिंतीशी होता. मागे उंच दार, पांढरं, पितळी मुठीचं. तिने तुल्लियोला त्यात ठेवलं, पांघरूण घातलं, उलटा चौकोन पायाशी केला. त्याने तिचं बोट धरलं. 

‘आता काय?’ तिने विचारलं.

‘आता तू त्याच्याकडे बघ, आणि त्या दाराने बाहेर जा. दार लावून घे.’

‘बस?’

‘बस. तुझी आई अशीच गेली होती.’

‘कुठे गेली होती?’

‘दाराबाहेर, पोरी. आणखी कुठे जाणार?’ ते कॅमेऱ्याच्या डाव्या बाजूला जाऊन उभे राहिले. ‘मी म्हणेन तेव्हा ये.’

तिने बोट सोडवलं. एकेक करून त्याची बोटं उघडावी लागली. पाठ फिरवली, चालली, दार उघडलं, बाहेर झाली, लावलं. बाहेर अरुंद बोळ होता. कुणाचा तरी कोट खुंटीला. खिडकीतून मळे दिसत होते आणि मळ्यांत एक माणूस वाकून काहीतरी बांधत होता. आत शांतता होती. ती दाराला कान लावून उभी राहिली आणि तिच्या लक्षात आलं की आपला हात पितळी मुठीवर आहे आणि मूठ गरम आहे, जणू आताच कुणीतरी सोडली असावी. मी नव्हते तिथे. आई खोटं बोलली नव्हती. आई अशाच दाराबाहेर होती. असाच कान लावून, असाच हात ठेवून, हाक येईल तेव्हा आत जायचं म्हणून. आणि बाळाने जे पाहिलं ते हे होतं, दार. पण बाळ तर दाराकडे बघत नव्हतं. दार मागे होतं. बाळ डावीकडे, वर बघत होतं.

आत कुणीतरी बोलायला लागलं.

‘काही नाही. काही नाही रे. कुणी गेलेलं नाही.’ हळू आवाज, अगदी खालच्या पट्टीतला, जो तिने कधी ऐकला नव्हता. रडक्या सिनेमांच्या महिन्यांतही नाही. ‘इकडे बघ. इकडे, माझ्याकडे. नीवे. ए नीवेत्ता. मी आहे ना. पप्पा आहे ना इथे. नको रडू. येते ती, येते, आत्ता येते. नको ना रडू, राणी.’

आणि तुल्लियो रडला. आजोबांकडे नेहमी खिदळणारा तो, सगळं अंग एकवटून रडला. ‘माएस्त्रो,’ मारियानोचा आवाज, ‘माएस्त्रो, तुमचं बोलणं येतंय आत—’ आणि पप्पा, त्याच हळू आवाजात, न थांबता, ‘चालू राहू दे. नको रडू, नीवे. चालू राहू दे. कुणी गेलेलं नाही.’

ती दाराबाहेर मुठीवरचा हात न काढता उभी होती. चिमटा नव्हता, कांदा नव्हता. तो माणूस तिला समजावत होता, मनापासून समजावत होता, आणि त्याच श्वासात कॅमेरा थांबवत नव्हता. यातलं खरं कोणतं? पुढे काय जोडायचं? तिच्या मनात आलं, तुल्लियोने आणखी थोडं रडावं, म्हणजे पप्पा आणखी थोडं बोलतील. आणि ते मनात आल्याबरोबर तिला स्वतःची इतकी शिसारी आली की मूठ आपोआप फिरली. त्यांनी अजून ये म्हटलं नव्हतं. आई थांबली होती. नीवेस आत गेली.

दिवे डोळ्यांवर आले. तिने पाळण्यात वाकून त्याला उचललं, पांघरुणासकट, आणि तिला पाहून तो गप्प होण्याऐवजी दुप्पट रडला, मुलं रडतात तसा, आता हिशेब सांगायला कुणी आहे म्हणून. तिने त्याचं तोंड खांद्यात घेतलं आणि मग वळून पाहिलं, डावीकडे, जरा वर, पाळण्यातून दिसलं असतं तिथे. काळ्या कॅमेऱ्याच्या शेजारी एक म्हातारा वाकून उभा होता. त्याचे ओठ हलत होते. एक हात वर उचललेला होता; तो ये म्हणत होता की थांब, हे हातावरून कळत नव्हतं. 

कट असं कुणी म्हणालंच नाही. कॅमेरा आपला आपण थांबला.

‘पुन्हा घ्यायचा?’ मारियानोने विचारलं. 

‘नाही,’ नीवेस म्हणाली. 

‘नाही,’ पप्पाही म्हणाले, जवळजवळ त्याच वेळी. मग खुर्चीत बसले. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा तसाच हातात धरला. ‘चेहरा मिळाला. आवाजाचं बघता येईल. फार बोललो का मी?’

‘सगळ्या टेपवर तुम्हीच आहात,’ मारियानो म्हणाला, आणि त्याने यंत्र मागे फिरवून आपला हेडफोन त्यांच्या डोक्यावर चढवला. त्यांचे पांढरे केस दोन्हीकडून वर आले. ते ऐकू लागले. खोलीत बाकी कुणालाच काही ऐकू येत नव्हतं. फक्त तुल्लियोचे हुंदके, एकेक करत लांबत चाललेले. नीवेस त्यांच्या चेहऱ्याकडे बघत होती. काउबॉय नव्हता, विनोदी नव्हता, कुणीच नव्हतं. ते लक्ष देऊन ऐकत होते, डबिंगच्या खोलीत परक्या माणसांचे आवाज निवडताना ऐकत तसं, मान एका बाजूला कलती करून. एकदा त्यांनी भुवया वर केल्या. एकदा, नकळत, मान हलवली, चांगलं आहे म्हणून. हेडफोन असल्यामुळे ते मग गरजेपेक्षा मोठ्याने बोलले.

‘हा कोण आहे?’

मारियानोने नीवेसकडे पाहिलं.

‘आवाज खरा आहे,’ पप्पा म्हणाले. ‘अशी माणसं हल्ली मिळत नाहीत. कोण आहे हा? कुणी आणला याला?’

तुल्लियोने तिच्या खांद्यावरून डोकं उचललं. त्याच्या पापण्या एकमेकींना चिकटल्या होत्या, एका कानातला कापूस बाहेर लोंबत होता. तो आजोबांच्या तोंडाकडे बघत होता, पुढे त्यातून काय निघतं याची वाट बघत. नीवेसने उत्तर द्यायला तोंड उघडलं. तिचे ओठ हलले, बराच वेळ हलले, आणि पप्पा कानांवर हेडफोन तसाच ठेवून, हातातला चष्मा डोळ्यांना लावून, ती काय म्हणते आहे ते तिच्या ओठांवरून लावायचा प्रयत्न करत राहिले.